तू कोणाचा माणूस?



मी राईस मिलमध्ये कट्टे उचलतो आणि रात्री कविता लिहितो. शाळा दहावीला सुटली. पुढचं जे काही शिकलो ते मूलच्या आमच्या वॉर्डातल्या विहाराच्या कपाटातून. आणि खोटं कशाला बोलू, थोडंफार टीव्हीनंही शिकवलं. आज त्या टीव्हीबद्दलच लिहायचं आहे. टीव्हीवरच्या एका माणसाबद्दल, निखिल वागळेंबद्दल. आणि हेमलकशाला पुराच्या काठी एका माडिया बाईनं मला जे विचारलं, त्याबद्दल. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काय संबंध, असं तुम्ही म्हणाल. मलाही तो कळायला वेळच लागला.

सुरुवात घरापासून करतो. खैरलांजी झालं २९ सप्टेंबर २००६ ला. भंडारा जिल्हा म्हणजे आमच्यापासून काही परका मुलूख नाही. भोतमांगेंच्या घरातली चार माणसं, आई, मुलगी आणि दोन मुलगे, जमावानं मारली. मी तेव्हा आठ वर्षांचा. माझा बा रोज संध्याकाळी मिलमधून आला का हातपाय धुऊन शेजाऱ्याच्या टीव्हीसमोर जाऊन बसायचा आणि तसाच परत यायचा. "नाही दाखवत," एवढंच म्हणायचा. ऑक्टोबर असाच गेला. नोव्हेंबरात आपले लोक रस्त्यावर उतरले, लाठ्या खाल्ल्या, तेव्हा कुठं मोठ्या कॅमेऱ्यांना मोहाडी तालुक्याचा रस्ता सापडला. बा म्हणाला, "आपला मुडदा पडला तर बातमी होत नाही गा. आपण दगड उचलला का होते."

हे वाक्य मी कधी विसरलो नाही.

२००८ साली आयबीएन लोकमत सुरू झालं. वागळे तिथले संपादक. रात्री 'आजचा सवाल' लागायचा. तोवर आमच्या घरीही डिश आली होती, हप्त्यावर. बा, मी, आणि शेजारचे दोघंतिघं खाली बसून बघायचो. आरक्षण, अंधश्रद्धा, शेतकऱ्याची आत्महत्या, मंत्र्याचा घोटाळा, जे काय असेल ते. आम्हाला अर्धं समजायचं नाही. पण एक गोष्ट पक्की समजायची. हा माणूस मंत्र्याला मध्येच तोडतो. गोल गोल बोलू देत नाही. हो का नाही, तेवढं सांगा म्हणतो. काही लोक म्हणायचे, ओरडतो फार. ओरडायचा, खरंच. पण आमच्या घरात ते ओरडणं कानाला गोड लागायचं. माझ्या बानं जन्मात शेठला 'काहून' म्हणून विचारलं नव्हतं. तो बा पडद्यावर आमदाराची बोबडी वळली का मांडीवर थाप मारायचा. आपण विचारायचं ते दुसरा कोणीतरी विचारतो आहे, याचाच तो आनंद.

पुढं मोठा झाल्यावर मी त्यांची माहिती गोळा केली, वहीत लिहून ठेवली. १९९० साली मुंबईत 'महानगर' हे संध्याकाळचं दैनिक काढलं. शिवसेनेचा जोर असताना शिवसेनेविरुद्ध लिहिलं, मार खाल्ला. १९९४ साली एका अग्रलेखावरून विधिमंडळानं हक्कभंग धरला, काही दिवस तुरुंगात काढले. २० नोव्हेंबर २००९ ला शिवसैनिक मुंबईच्या आणि पुण्याच्या चॅनलच्या ऑफिसात घुसले, तोडफोड केली, मारहाण केली. कारण काय, तर सचिन तेंडुलकरवर बोलल्याबद्दल वागळेंनी बाळासाहेब ठाकऱ्यांवर टीका केली होती. चॅनल बंद पडलं नाही. सवाल चालूच राहिला.

हे सगळं वाचून मी भारावलो होतो. मला वाटायचं, आपणही असंच करायचं. एक माईक आणि एक प्रश्न, झालं.

२०२१ साली आम्ही तिघा पोरांनी यूट्यूबवर चॅनल काढलं. माईक उधारीचा, फोन माझा. मूलच्या बाजारात, तहसीलसमोर, नालीच्या काठावर उभे राहून बोलायचो. माझ्या बोलण्यात वागळे शिरले होते. हात तसाच पुढं, आवाज तसाच वर. "प्रशासन झोपलं आहे काय?" असं विचारायचो. प्रशासन काही बघत नव्हतं. आमचेच दोन-तीनशे लोक बघायचे आणि निळे झेंडे पाठवायचे.

मग आला २०२२ चा जुलै.

आमच्या मिलमधून रेशनच्या तांदळाचा ट्रक भामरागडला निघाला. उतरवायला हमाल पाहिजे म्हणून मुकादमानं मला बसवलं. मी खूश. फोन चार्ज करून घेतला, माईक पिशवीत टाकला. चामोर्शी, आष्टी, आलापल्ली. आष्टी-आलापल्लीच्या रस्त्यावर सुरजागडच्या लोखंडी दगडाचे ट्रक एकामागं एक. रस्ता असा झाला होता का आमच्या ड्रायव्हर काकाच्या तोंडातून शिवीशिवाय शब्द निघत नव्हता. आलापल्लीच्या पुढं साठेक किलोमीटर जंगल. पाऊस थांबायचं नाव नाही. हेमलकशाला पोचलो आणि तिथंच अडकलो. हेमलकसा आणि भामरागडच्या मध्ये पर्लकोटा नदी आहे. तिच्या ठेंगण्या पुलावरून पाणी चाललं होतं. भामरागड समोर तीन किलोमीटरवर, पण पोचायला वाट नाही. तिथं इंद्रावती, पामुलगौतमी आणि पर्लकोटा अशा तीन नद्या एकत्र येतात. मोठी नदी तुंबली का छोटी मागं सरकते आणि पूल गिळते. दर पावसाळ्याचं हे चाललेलं. त्या वर्षी तर साऱ्या गडचिरोली जिल्ह्यातच पुरानं कहर केला होता.

हेमलकसा हे नाव तुम्ही ऐकलंच असेल. २३ डिसेंबर १९७३ ला बाबा आमट्यांनी तिथं लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला. प्रकाश आणि मंदाकिनी आमटे तिथं राहिले, बरीच वर्षं विजेशिवाय दवाखाना चालवला. २००८ साली दोघांना मॅगसेसे मिळाला. २०१४ साली नाना पाटेकरांचा सिनेमाही आला. हे काम मी लहान करत नाही. माडिया माणसाला ताप आला, अस्वलानं फाडलं, साप चावला तर जायचं कुठं, याचं उत्तर त्यांनी उभं केलं. पण आपण टीव्हीवर हेमलकसा किती वेळा पाहिला ते आठवा. एकतर बिबट्याला कुरवाळणारे डॉक्टर, नाहीतर चकमक. माडिया माणूस दोन्हींत असतो. एकात रोगी म्हणून, दुसऱ्यात प्रेत म्हणून नाहीतर खबऱ्या म्हणून. तुला काय वाटतं, असं त्याला कोणी विचारताना मी पाहिलं नव्हतं.

ते आपण विचारू, असं मी ठरवलं. मीच.

रस्त्याच्या कडेला एका टपरीच्या ताडपत्रीखाली नदीपलीकडचे दहा-बारा लोक बसले होते. पाणी उतरायची वाट बघत. एक बाई होती, पन्नाशीची असेल. मांडीवर नातू, दवाखान्यातून बरा करून आणलेला, हातात कागदांची पिशवी. शेजारी एक पोरगा, आश्रमशाळेत शिकलेला, मराठी चांगली बोलत होता. मी फोन काढला, माईक लावला, गळा साफ केला. ड्रायव्हर काका ट्रकातून ओरडला, "काय गा, फोन भिजवतो काय?" मी लक्ष दिलं नाही. बाईसमोर माईक धरला आणि म्हणालो, "मावशी, प्रशासनाला तुम्ही काय सांगाल?"

तिनं माईककडं पाहिलं. मग माझ्याकडं. मग त्या पोराला माडियात काहीतरी म्हणाली. पोरगा मान खाली घालून हसला.

"काय म्हणते?"

"विचारते, तू कोणाचा माणूस?"

"म्हणजे?"

"म्हणजे तुले कोणी पाठवलं. पोलीस, फॉरेस्ट, कंपनी, का जंगलातले. इकडं जो येतो तो कोणाचा तरी असतो ना दादा."

मी म्हणालो, "सांग तिला, मी कोणाचा नाही. मी जयभीमवाला. आंबेडकरांचा." पोरानं सांगितलं. आंबेडकर नाव तिला माहीत असावं, तिनं मान हलवली. मग परत दोन शब्द बोलली.

"आता काय म्हणते?"

"म्हणते, कोणाचाच नाही तर याच्याशी बोलून काय होणार?"

ताडपत्रीखालचे सगळे हसले. मीही हसलो. पण आतून शरमलो. मी विचारायला आलो होतो आणि चौकशी माझीच चालली होती.

मी फोन खिशात टाकला. टपरीवाल्याला चहा सांगितला. बराच वेळ कोणी बोललं नाही, पाऊसच वाजत होता. मग तिनं आमच्या ट्रककडं बोट दाखवलं आणि तिनंच विचारायला सुरुवात केली. पोरगा मध्ये बसून इकडचं तिकडं करत होता.

ट्रकात काय आहे?

तांदूळ.

कोणाचा?

मी म्हणालो, तुमचा. रेशनचा आहे, नदीपलीकडचा.

मग पाऊस लागायच्या आधी का नाही आणला? आता नदी आडवी आहे. तुम्ही इकडं बसले, तांदूळ इकडं बसला, खाणारे तिकडं बसले.

दोस्तांनो, यावर मी गप्प झालो. मला उत्तर येत नव्हतं म्हणून गप्प झालो नाही. मला उत्तर माहीत होतं.

ते उत्तर सांगतो. सरकार आदिवासी भागातला धान खरेदी करतं आणि भरडायला राईस मिलला देतं. ठरलेल्या मुदतीत तांदूळ करून परत द्यायचा असतो. पावसाळ्यात ज्या गावांचा रस्ता तुटतो तिथं धान्य आधीच पोचवायचं, हाही सरकारचाच कायदा. आमच्या मिलमध्ये सरकारी धानाची थप्पी उन्हाळाभर पडून होती. मी रोज तिच्या बाजूनं जात होतो. शेठ आधी व्यापाऱ्याचा धान भरडत होता, त्यात पैसा जास्त. सरकारी माल नंतर बघू. सगळ्या हमालांना ठाऊक होतं. मलाही. मी तहसीलसमोर उभा राहून प्रशासनाला जाब विचारत होतो, आणि माझ्याच पाठीवरून जाणाऱ्या कट्ट्याचा जाब मी माझ्या शेठला एकदाही विचारला नव्हता. माझ्या बासारखाच. फरक एवढाच का माझ्याकडं माईक होता.

तिला मी खरं सांगितलं. सगळं, जसं होतं तसं. पोरानं माडियात सांगितलं. ती रागावली नाही. बराच वेळ बोलली, दहा मिनिटं तरी. पोरानं मला मराठीत तीनच वाक्यं दिली. मी म्हणालो, बाकीचं? तो म्हणाला, "बाकीचं मराठीत येत नाही दादा."

दोन रात्री ट्रकातच काढल्या. तिसऱ्या दिवशी पाणी उतरलं. खालच्या थरातले काही कट्टे भिजले होते. तसेच उतरवले.

मूलला आलो. शनिवारी पगार असतो. रांगेत माझा नंबर आला तेव्हा मी शेठला विचारलं. आवाज चढवला नाही, चढलाच नाही. म्हणालो, "शेठ, सरकारी धान एवढे दिवस पडून होता, तो आधी काहून नाही भरडला?" शेठनं चष्म्यावरून पाहिलं. "तू टीव्हीवाला झाला काय बे?" बाकीचे हसले. सोमवारी फाटकावरच मुकादम म्हणाला, उद्यापासून नको येऊ.

घरी बा पंधरा दिवस माझ्याशी बोलला नाही. मंत्र्याची फजिती पाहून मांडीवर थाप मारणारा माझा बा. शेवटी एका रात्री जेवताना म्हणाला, "पडद्यावर विचारणं वेगळं असते गा. तिथं भाकर आपली जात नाही."

आता मी परत वागळेंकडं येतो. बाचं म्हणणं अर्धंच खरं आहे. भाकर तिथंही जाते. मी वही काढून परत पाहिली तेव्हा मला ते दिसलं. २००९ चा दगडांचा हल्ला त्या माणसानं पचवला. पण मे २०१४ मध्ये रिलायन्सनं तो सगळा चॅनलचा समूह ताब्यात घेतला आणि जुलैत वागळे बाहेर पडले. २०१७ साली दुसऱ्या एका चॅनलवर त्यांचा 'सडेतोड' सुरू होता, तो अचानक बंद झाला. तिकडं हिंदीत रवीश कुमार. १९९६ पासून एनडीटीव्हीत. बेकारी, नोकरभरती, कॉलेजात मास्तर नाहीत, असले कोरडे विषय रात्र रात्र लावून धरले. २०१९ ला मॅगसेसे मिळाला, तोच जो हेमलकशाला मिळाला होता. नोव्हेंबर २०२२ मध्ये चॅनल अदानींच्या हाती गेलं आणि रवीशनी राजीनामा दिला. दगड मारणाऱ्यापुढं पत्रकार टिकतो. मालक बदलला का खुर्चीच सरकते. शेठ तो शेठ. मूलचा काय आणि मुंबईचा काय.

वागळे खुर्ची गेल्यावर घरी बसले नाहीत, हेही लिहिलं पाहिजे. 'निर्भय बनो' म्हणत सभा घेत फिरले. ९ फेब्रुवारी २०२४ ला पुण्यात सभेला जाताना त्यांच्या गाडीवर हल्ला झाला, काचा फुटल्या. तरी सभेत जाऊन बोलले. म्हणून त्या माणसाबद्दल माझ्या मनात आदर आहे आणि राहील.

पण आदर ठेवून एक गोष्ट बोलतो. तो आपला प्रश्न विचारत होता. आपण विचारत नव्हतो. २००६ साली दिल्लीतल्या मोठ्या माध्यमांतल्या ३१५ वरिष्ठ पत्रकारांची पाहणी झाली. त्यात एकही दलित नाही, एकही आदिवासी नाही. २०१९ साली परत मोजलं. चॅनलं, वर्तमानपत्रं, मासिकं, वेबसाईटी मिळून वरच्या १२१ खुर्च्या. १०६ सवर्णांच्या. दलित-आदिवासी शून्य. तेरा वर्षांत शून्य ते शून्य. कितीही भला माणूस त्या खुर्चीवर बसला तरी हेमलकशाच्या बाईचे दहा मिनिटांचे बोल त्याच्यापर्यंत तीन वाक्यांचे होऊनच पोचणार. आणि मालकाला नको असतील तर तेही नाही.

बाबासाहेबांना हे शंभर वर्षांपूर्वी कळलं होतं. १९२० साली 'मूकनायक'ची जाहिरात पैसे देऊनही 'केसरी'नं छापली नाही. त्यांनी मग केसरीत एखादा चांगला संपादक येण्याची वाट पाहिली नाही. ३१ जानेवारी १९२० ला आपला पेपर काढला. पैसा नव्हता, तो बंद पडला. १९२७ ला 'बहिष्कृत भारत', १९३० ला 'जनता', १९५६ ला 'प्रबुद्ध भारत'. बंद पडलं का परत.

आणि आपल्या शेजारचंच एक सांगतो. इंद्रावतीच्या पलीकडं छत्तीसगड. तिथं शुभ्रांशु चौधरी नावाच्या माणसानं, बीबीसीत काम केलेला पत्रकार, नोकरी सोडून २०१० साली 'सीजीनेट स्वर' सुरू केलं. साध्या फोनवरून नंबर लावायचा, आपल्या भाषेत, गोंडीत म्हणा, बोलायचं, ते रेकॉर्ड होतं, आणि दुसऱ्यांना फोनवरच ऐकू येतं. रेशन आलं नाही, मास्तर येत नाही, मजुरी थकली. त्यांच्या भाषेत, त्यांच्याच तोंडून. तीन वाक्यं करणारा मध्ये कोणी नाही. टीव्हीतल्या माणसानं करायचं सगळ्यात मोठं काम मला हेच वाटतं. माईक उलटा फिरवणं.

ज्यांच्या हाती आज फोन आहे अशा आपल्या पोरांना माझं सांगणं एवढंच. आदिवासींच्या गावात जाऊन 'प्रशासनाला काय सांगाल' विचारू नका. मी विचारून बसलो आहे. त्यांचा माणूस त्यांच्यात आहे. लोकबिरादरीच्याच शाळेत शिकून वकील झालेले लालसू नोगोटी २०१७ साली जिल्हा परिषदेवर निवडून आले, ते काही आपल्या माईकमुळं नाही. आपण आपल्या फाटकातला प्रश्न विचारायचा. ज्या प्रश्नानं आपला शनिवार जातो तो.

मी आता दुसऱ्या मिलमध्ये आहे. मजुरी थोडी कमी. चॅनल बंद केलं. आम्ही तिघं आता माहितीच्या अधिकाराचे अर्ज लिहितो. १० रुपयांचा स्टॅम्प लागतो, ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. कोणत्या मिलला सरकारी धान किती क्विंटल, कोणत्या तारखेला दिला, आणि तांदूळ कोणत्या तारखेला परत आला. एवढंच विचारलं आहे. पहिलं उत्तर आलं, 'माहिती उपलब्ध नाही'. अपील केलं आहे.

हेमलकशाच्या त्या पोराचा नंबर माझ्याकडं आहे. अपिलाचं उत्तर आलं का मी त्याला फोनवर वाचून दाखवणार. तो माडियात रेकॉर्ड करून नदीपलीकडं पाठवणार. त्या बाईचे बोल तीन वाक्यांत कापून माझ्याकडं आले होते. हे उत्तर तरी तिच्याकडं पुरं गेलं पाहिजे, कितीही मिनिटं लागोत.

जयभीम. सेवा जोहार.